लाट खरंच किती मोठी होती?

हिवाळा आला की एक व्हिडिओ व्हॉट्सॲपवर हमखास फिरतो. कड्याच्या टोकाला जुना किल्ला, त्यावर लाल दीपगृह, गच्चीवर मुंगीएवढी माणसं, आणि त्या सगळ्यांच्या मागे आभाळापर्यंत चढलेली पाण्याची भिंत. त्या भिंतीवरून एक ठिपका पांढरी रेघ ओढत खाली येत असतो. खाली मजकूर असतो, ‘शंभर फुटी लाट’.

ही जागा पोर्तुगालमधलं नझारे. लाट खरी, ठिपकाही खरा, हाडामांसाचा माणूस. प्रश्न एवढाच की लाट दिसते तेवढी मोठी होती का? माझ्या मते यात दोन वेगळे प्रश्न आहेत. समुद्र अशी लाट कशी घडवतो हा पहिला, आणि कॅमेरा तिचं काय करतो हा दुसरा. दोन्हींची उत्तरं ज्यांना अंगावर झेलून कळली, ते म्हणजे स्वतः मोठ्या लाटांवर उतरणारे आणि त्यांच्या फिल्म बनवणारे सर्फर. म्हणून सुरुवात त्यांच्यातल्याच एकापासून करतो.

ग्रेग नोल १९३७ सालचा, कॅलिफोर्नियाचा. अंगाने दांडगा, म्हणून ‘द बुल’ या टोपणनावाने ओळखला जायचा. कैद्याच्या कपड्यांसारखी काळी-पांढरी पट्ट्यांची चड्डी घालायचा, त्यामुळे कुठल्याही फिल्ममध्ये चटकन ओळखू यायचा. हवाई बेटांवर वायमेआ नावाची खाडी आहे. १९४३च्या डिसेंबरात तिथे डिकी क्रॉस हा तरुण सर्फर बुडाला, आणि त्यानंतर चौदा वर्षं मोठ्या लाटांच्या दिवशी तिथे उतरायला कुणी धजावत नव्हतं. ७ नोव्हेंबर १९५७ रोजी नोल आणि त्याचे काही सोबती तिथल्या पाण्यात उतरले, लाटांवर स्वार झाले आणि जिवंत परत आले. मोठ्या लाटांच्या सर्फिंगचा इतिहास सांगताना हा दिवस कुणी वगळत नाही.

त्याच सुमारास नोल फिल्मही काढू लागला. ‘सर्च फॉर सर्फ’ या नावाने त्याची मालिका साठच्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत चालली. हा धंदा कसा चालायचा ते समजून घेण्यासारखं आहे. आधीची वाट बड ब्राउनने पाडली होती. हा मूळचा पोहणारा, जीवरक्षक. १९५३ मध्ये त्याने सांता मोनिकातल्या एका शाळेच्या सभागृहात आपली पहिली सर्फिंग फिल्म ६५ सेंट तिकीट लावून दाखवली. या फिल्मना वितरक नव्हते, चित्रपटगृहं नव्हती. उन्हाळ्यात फिल्मची डबडी गाडीत टाकायची, गावोगाव शाळांची सभागृहं भाड्याने घ्यायची, भिंतींवर पत्रकं चिकटवायची आणि पडद्याशेजारी उभं राहून स्वतःच निवेदन करायचं. टुरिंग टॉकीजच्या तंबूत सिनेमा पाहिलेल्या माणसाला हे चित्र परकं वाटणार नाही. जॉन सेव्हर्सन या आणखी एका सर्फरने १९६० साली आपल्या फिल्मसोबत विकायला एक पुस्तिका काढली. पुढे तिचंच ‘सर्फर’ हे मासिक झालं.

तेव्हाच्या कॅमेऱ्याची मर्यादा आज कल्पनेत येणं अवघड आहे. १६ मिलिमीटर फिल्मच्या शंभर फुटी रिळात चार हजार चित्रं मावतात. सेकंदाला २४ या वेगाने ती पावणेतीन मिनिटांत संपतात. कॅमेरा जलरोधक पेटीत घालून पाण्यात उतरलात तर रीळ संपल्यावर पेटी पाण्यात उघडता येत नाही. पोहत किनाऱ्यावर यायचं, हात कोरडे करायचे, रीळ बदलायचं, पुन्हा फेसातून पोहत आत जायचं. आणि जे टिपलं ते नीट आलं की नाही हे फिल्म धुऊन येईपर्यंत कळत नाही. अशा वेळी कुठली लाट मोठी होणार आणि नेमकी कुठे फुटणार, हे आधी ओळखता यायला हवं. ते फक्त सर्फरलाच जमतं. लाट वाचता येणारा माणूसच तिची फिल्म काढू शकत होता, त्याचं कारण हे.

लाट दुसऱ्याच गावाहून येते

आता समुद्राकडे वळू. मोठी लाट जिथे फुटते तिथे ती जन्मलेली नसते. नझारेला ऊन पडलेलं असतं, वारा मंद असतो, आणि तरी समोर राक्षसी लाटा फुटत असतात, कारण वादळ दोन दिवसांपूर्वी उत्तर अटलांटिकमध्ये, ग्रीनलंड-आइसलंडच्या बाजूला होऊन गेलेलं असतं.

वाऱ्याने किती मोठी लाट तयार होईल हे तीन गोष्टींवर ठरतं: वारा किती जोरात वाहतो, किती वेळ वाहतो आणि किती लांब पाण्यावरून वाहतो. तिन्ही भरपूर मिळाल्या तर लाटा उंच होतात आणि लांबही होतात. ही लांबी फार महत्त्वाची. सर्फर लाटेची चौकशी करताना उंचीइतकंच आणखी एक विचारतात, ‘किती सेकंदांची?’ म्हणजे एक माथा गेल्यावर दुसरा माथा त्याच जागी यायला किती सेकंद लागतात. याला आवर्तकाल म्हणतात.

आठ सेकंदांच्या लाटेत एका माथ्यापासून दुसऱ्यापर्यंतचं अंतर खोल पाण्यात सुमारे १०० मीटर असतं. वीस सेकंदांच्या लाटेत तेच अंतर सुमारे ६२५ मीटर होतं. सेकंद अडीचपट झाले, तर लांबी सहापटीहून अधिक. वेगही वाढतो. वीस सेकंदांच्या लाटेचा माथा खोल समुद्रात ताशी ११० किलोमीटरच्या आसपास धावतो. लाटांचा अख्खा थवा मात्र त्याच्या निम्म्या वेगाने पुढे सरकतो, म्हणजे अडीच हजार किलोमीटर कापायला सुमारे पंचेचाळीस तास. म्हणून तर सर्फर हवामानाचा नकाशा पाहून विमानाचं तिकीट काढतात आणि लाटेच्या आधी पोहोचतात.

लाटेला तळ लागतो तो तिच्या लांबीच्या निम्म्या खोलीवर. शंभर मीटरच्या लाटेला पन्नास मीटर खोलीवर, आणि सव्वासहाशे मीटरच्या लाटेला तीनशेहून अधिक मीटरवर. तळ लागला की लाट मंदावते. पुढचा भाग मंदावतो, मागून पाणी येतच असतं, म्हणून ती आखूड होते आणि उंच चढते. साधारण उंचीच्या सव्वापट खोली उरली की तिला स्वतःचा तोल सांभाळता येत नाही. माथा पुढे निघून जातो आणि कोसळतो.

नझारेचं वैशिष्ट्य पाण्याखाली आहे. तिथे समुद्रतळात एक प्रचंड दरी आहे, दोनशे किलोमीटरहून लांब, आणि सर्वांत खोल जागी पाच हजार मीटरच्या जवळ जाणारी. त्या दरीचं तोंड गावच्या किनाऱ्यापासून एक किलोमीटरच्या आत येतं. दरीवरून येणाऱ्या लाटेला तळ लागतच नाही, ती पूर्ण वेगाने कड्यापर्यंत येते. शेजारच्या उथळ भागावरून येणारी तीच लाट मंदावलेली असते. वेगातल्या या फरकामुळे लाट वळते, आणि कड्याच्या उत्तरेला, प्राया दो नॉर्ते या पुळणीसमोर, दोन्ही भाग एकमेकांवर चढतात. किनाऱ्याला समांतर वाहणारा प्रवाह उलटून समोरून येतो, तो तिला आणखी उभी करतो.

इथे आपल्या किनाऱ्याचा विचार मनात येतोच. मुंबईसमोर बॉम्बे हायची तेलविहिरींची फलाटं किनाऱ्यापासून सुमारे १६० किलोमीटर आत आहेत, आणि तिथेही पाण्याची खोली पंचाहत्तर मीटरच्या आसपासच भरते. लांब लाट आलीच, तर तिला शेकडो किलोमीटर तळाशी घासत यावं लागेल. पोहोचेपर्यंत तिच्यात फारसं बळ उरत नाही. पावसाळ्यात आपला दर्या खवळतो तो बहुतेक जवळच्या वाऱ्याने. लाटा आखूड, गर्दीच्या, एकीवर एक. धोका त्यातही आहेच, बुडायला नझारे लागत नाही. पण तशी भिंत इथे उभी राहत नाही.

याच ओघात एक गैरसमज. जून-जुलैत बातम्यांत ‘आज मुंबईत साडेचार मीटर उंचीच्या लाटा उसळणार’ असं येतं. तो आकडा बहुतेक वेळा भरतीच्या पाण्याच्या पातळीचा असतो, लाटेचा नसतो. उधाणाच्या भरतीला पाणी किती चढेल, एवढंच तो सांगतो. लाट त्या पातळीच्या वर, वेगळी. कोळीवाड्यातल्या माणसाला हा फरक कुणी शिकवावा लागत नाही, पण बातमीत तो पुसला जातो. मोजमापाचा घोळ फक्त परदेशी विक्रमांतच होतो असं नाही, म्हणून हे सांगितलं.

कॅमेऱ्याच्या दोन खोड्या

पुन्हा दीपगृहाच्या त्या दृश्याकडे येऊ. ते बहुतेक वेळा कड्यावरच्या उंच जागेवरून, लांबून, मोठ्या झूमच्या भिंगातून घेतलेलं असतं. टेकडीवरून बंदराचा फोटो काढून पाहा. लांबची होडी फोटोत जवळच्या होडीच्या डोक्यावर दिसते. ती हवेत नसते, फक्त लांब असते, आणि वरून पाहताना जे लांब ते चौकटीत वर सरकतं. समुद्रावर हेच होतं. दीपगृहाच्या कितीतरी पलीकडे फुटणारी लाट चौकटीत दीपगृहाच्या वर दिसते. भिंग झूमचं असल्यामुळे मधलं अंतर डोळ्याला जाणवत नाही. एकामागून एक येणाऱ्या चार लाटा एकमेकींना चिकटतात आणि मिळून एकच भिंत भासते. डोळा भिंतीचा पायथा दीपगृहाच्या पायाशी धरतो, माथा आभाळात धरतो, आणि ‘शंभर फुटी’ असा निकाल देतो.

उलटही होतं. सर्फर ज्यावर उभा राहतो त्या फळीवर किंवा त्याच्या शिरस्त्राणावर बसवलेल्या छोट्या कॅमेऱ्याचं भिंग खूप रुंद असतं. त्यात जवळची फळी मोठी आणि मागची लाट लहान दिसते. जिने माणसाला जवळजवळ मारलं, ती लाट अशा चित्रणात निरुपद्रवी वाटते. गोप्रो कॅमेऱ्याचा जन्मच एका सर्फरच्या गरजेतून झाला, स्वतःचं सर्फिंग स्वतःला टिपता यावं म्हणून. मोठ्या लाटेवरचं त्याचं चित्रण मात्र आवाज आणि वेग सांगतं, उंची सांगत नाही. होडीवरून किंवा जेट-स्कीवरून, म्हणजे पाण्यावर पळणाऱ्या स्कूटरवरून, पाण्याच्या पातळीला, लाटेच्या बाजूने घेतलेलं दृश्य मला सर्वांत विश्वासाचं वाटतं. तिथे लाट आणि माणूस कॅमेऱ्यापासून जवळपास सारख्याच अंतरावर असतात.

दुसरी खोडी वेळेची, आणि ती मला सगळ्यांत विलक्षण वाटते. पाणी कितीही असो, खाली पडायला त्याला गुरुत्वाकर्षणाने ठरवलेला वेळ लागतो. सव्वा मीटरवरून पडायला अर्धा सेकंद, वीस मीटरवरून पडायला दोन सेकंद. उंची सोळापट झाली तर वेळ चौपट होतो. हे गणित आपल्या डोळ्याला न शिकवता येतं. बादलीतलं पाणी पटकन पडतं आणि धबधबा ‘संथ’ कोसळताना दिसतो, त्यावरूनच तो केवढा आहे हे आपण ओळखतो.

आता हे फिल्मला लावा. छातीएवढी, सव्वा मीटरची लाट चौपट संथ दाखवली, तर तिचा माथा दोन सेकंदांत कोसळेल. वीस मीटरच्या लाटेचा कोसळतो तसाच. चौकटीत माणूस, होडी, पक्षी, असं आकार सांगणारं काहीच नसेल, तर डोळा फसेल. पूर्वी चित्रपटांत टाकीत खेळण्यातली जहाजं बुडवून वादळं दाखवत, ती याच युक्तीने.

म्हणूनच स्लो मोशन हे दुधारी आहे. मोठ्या लाटेत क्षणार्धात इतकं काही घडतं, फळी कशी थरथरते, माणूस गुडघे कसे वाकवतो, की संथ केल्याशिवाय ते दिसतच नाही. पण सगळंच संथ केलं की लाट खोटी होते. जुन्या सर्फर-फिल्मकारांच्या चित्रणात एक सच्चेपणा जाणवतो, त्यामागे मला रिळाची काटकसरही दिसते. संथ टिपायचं तर रीळ दुप्पट वेगाने संपतं, म्हणून बरंचसं खऱ्या वेगात टिपलेलं आहे. खऱ्या वेगात पाहिलेली मोठी लाट मुळातच संथ असते. तिला आणखी संथ करायची गरज नसते.

विक्रम मोजायचा कसा

मोठ्या लाटेला फूटपट्टी लावता येत नाही. ती दहा-वीस सेकंदांत नाहीशी होते. मग उरतं फक्त चित्रण, आणि सगळी मोजणी त्यावरच होते. लाट सर्वांत उंच असतानाचं चित्र घ्यायचं, माणसाची किंवा फळीची माहीत असलेली लांबी पट्टी म्हणून वापरायची, आणि पायथ्यापासून माथ्यापर्यंत ती किती वेळा बसते ते पाहायचं.

ऐकायला सोपं. पण माणूस वाकलेला असतो, फळी तिरकी असते. आणि पायथा कुठे धरायचा? लाटेपुढचं पाणी तिच्यात ओढलं जातं, तिथे खळगा पडतो, उतार हळूहळू सपाटीत मिसळतो. पायथा दोन हात इकडे-तिकडे धरला की विक्रम बदलतो. हवाईत तर जुनी पद्धतच निराळी. तिथले सर्फर लाटेचा आकडा समोरून दिसणाऱ्या उंचीच्या साधारण निम्मा सांगतात. तिथली ‘वीस फुटी’ लाट इतरांच्या हिशेबात चाळीस फुटांची. त्यामुळे साठच्या दशकातले आकडे आजच्या विक्रमांशेजारी ठेवताना फार जपावं लागतं.

नझारेला २०११च्या नोव्हेंबरात गॅरेट मॅकनमारा ज्या लाटेवरून उतरला, ती ७८ फूट धरली गेली. २०१७ मध्ये रॉद्रिगो कोशाची ८० फूट. सेबास्टियन श्टॉयट्नरने २९ ऑक्टोबर २०२० रोजी घेतलेली लाट ८६ फूट ठरली, पण हा निकाल यायला २०२२चा मे उजाडला. दीड वर्षाहून अधिक काळ चाललेली ही छाननी चित्राचीच होती. ११ फेब्रुवारी २०२० रोजी ब्राझीलच्या माया गाबेइराने घेतलेली लाट ७३.५ फुटांची निघाली. त्याच दिवशी फ्रान्सच्या जस्टिन ड्युपाँनेही जवळपास तेवढीच लाट घेतली होती, आणि दोघींमधला फरक ठरवायला शास्त्रज्ञांची मदत घ्यावी लागली. गाबेइराची ती लाट त्या हिवाळ्यात स्त्री-पुरुष सगळ्यांत मोठी ठरली. कॅमेरे आणि गणित नसतं तर हे मान्य व्हायला किती वर्षं गेली असती, असं मला वाटतं.

या लाटा हातांनी वल्हवून पकडता येत नाहीत. फुटण्याच्या बेतातली अशी लाट ताशी पन्नास-साठ किलोमीटरने येते, आणि फळीवर पालथं पडून जीव तोडून हात मारले तरी माणूस ताशी आठ-दहाच्या पुढे जात नाही. म्हणून नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला हवाईत लेअर्ड हॅमिल्टन आणि त्याच्या साथीदारांनी आधी मोटरबोटीने, मग जेट-स्कीने ओढून नेण्याची पद्धत आणली. फिल्मकारांनाही तिचा फायदा झाला. जेट-स्कीवर कॅमेरा आला आणि तो लाटेच्या खांद्याजवळ, म्हणजे तिच्या न फुटलेल्या कडेजवळ, जाऊ शकला.

कॅमेरा जवळ असला म्हणजे माणूस सुरक्षित, असं मात्र नाही. कॅलिफोर्नियातल्या मॅव्हरिक्स या मोठ्या लाटांच्या जागी २३ डिसेंबर १९९४ रोजी मार्क फू हा नामवंत सर्फर पडला. कड्यावर आणि नावेत अनेक कॅमेरे चालू होते, त्याचं पडणं टिपलं गेलं. ती त्या दिवसाची सर्वांत मोठी लाटही नव्हती. तो वर आलाच नाही हे कुणाच्या लगेच लक्षात आलं नाही. बऱ्याच वेळाने त्याचा मृतदेह पाण्यावर दिसला. हे चित्रण मी एकदा पाहिलं, पुन्हा पाहवलं नाही.

त्याच मॅव्हरिक्सवर जेफ क्लार्क हा स्थानिक मुलगा १९७५ साली, सतराव्या वर्षी, पहिल्यांदा उतरला आणि पुढची पंधरा वर्षं एकटाच जात राहिला. तो सांगायचा, पण हवाईसारख्या लाटा कॅलिफोर्नियात असतात यावर कुणाचा विश्वास बसत नव्हता. नव्वदच्या दशकात छायाचित्रं छापून आली, फिल्म निघाल्या, आणि मग जगाने मानलं.

आणि नोल? १९६९च्या डिसेंबरात हवाईवर त्या शतकातल्या सर्वांत मोठ्या लाटांपैकी काही आल्या. उत्तर किनाऱ्यावर घरं मोडली. तिथे उतरणं शक्यच नव्हतं, म्हणून ४ तारखेला नोल पश्चिमेच्या माकाहाला गेला. बराच वेळ बाहेर वाट पाहून त्याने एक लाट घेतली, तिच्यावरून खाली उतरला, पडला, आणि पोहत किनाऱ्याला लागला. पाहणाऱ्यांपैकी अनेकांनी ती तोवरची सर्वांत मोठी लाट मानली. उंचीचे आकडे प्रत्येकाचे वेगळे.

त्या लाटेचं चित्रण नाही, फोटोही नाही. इतरांच्या लाटा पावणेतीन मिनिटांच्या रिळांत जपून ठेवणाऱ्या माणसाची सगळ्यांत मोठी लाट कुठल्याच रिळात नाही. त्यानंतर त्याने मोठ्या लाटा सोडल्या, त्याचा सर्फिंगच्या फळ्या बनवण्याचा कारखाना होता तो मागे पडला, आणि तो कॅलिफोर्नियाच्या उत्तर टोकाला क्रेसेंट सिटीला जाऊन मासेमारी करू लागला. २०२१ साली तो गेला, ८४ वर्षांचा होऊन. विक्रमांच्या यादीत माकाहाची ती लाट नाही. तिचा पायथा कुठे धरायचा, हे सांगणारं चित्रच नाही.